ज्याची ओळ त्यालाच

कल्याणनं पेन ड्राईव्ह लावला आणि एस्तेरबाई खुर्ची ओढून त्याच्या शेजारी बसल्या, तिथंच त्या पोराचं नशीब फिरलं. एरवी हे काम म्हणजे त्याला आराम. मशीन आपलं आपण चालू राहायचं, हा चहा प्यायचा, मोबाईल बघायचा आणि मधूनमधून न वाचता ‘हो’ दाबायचा. बेलापुरात त्याचं कॉम्प्युटरचं दुकान. जुनी सिस्टिम आता कंपनी सांभाळणार नाही म्हणून पंधरा दिवसांत त्यानं या गावातल्या ग्रामपंचायतीत, दूध केंद्रात आणि कानिफनाथच्या खताच्या दुकानात नवी टाकून दिली होती. चौथं मशीन एस्तेरबाईंचं. आधीच्या तिन्ही ठिकाणी कुणी त्याला एक शब्द विचारला नव्हता.

“बाई, आता हे जरा काय काय विचारतं,” कल्याण म्हणाला. “मी सगळ्याला हो करतो.”

“थांब. काय विचारतंय ते आधी वाच.”

“नेहमीचंच असतं हो.”

“नेहमीचंच आहे म्हणून आत घुसणारे मी लई बघितलेत. वाच.”

कल्याणनं सुस्कारा सोडला. “तुम्ही कुठं आहात ते कळवू का, म्हणतंय.”

“कुणाला?”

“कंपनीला.”

“कंपनी येणार आहे का माझ्याकडं जेवायला? नाही दाब.”

“मशीन हरवलं तर शोधायला मदत करू का?”

“हे धूड उचलून इथं ठेवायला इमॅन्युएलला शेजारचा गडी बोलवावा लागला. हरवतंय कुठं ते? नाही.”

“मशीनमध्ये काय बिघडतं, तुम्ही काय काय वापरता, त्याची माहिती पाठवू?”

“नाही.”

“तुम्ही जे टाईप करता त्याचे नमुने पाठवू? त्यातून ते सुधारणा करतात.”

इथं मात्र एस्तेरबाई उभ्याच राहिल्या. “माझं लिहिलेलं वाचणार? सदतीस वर्षं मोठ्या डॉक्टरला माझ्या डायरीत डोकावू दिलं नाही, आणि हे सुधारणा करणार? नाही दाब. जोरात दाब.”

जोरात दाबून फरक पडत नाही हे सांगायची कल्याणची छाती झाली नाही. पुढं मशीननं विचारलं, तुमच्या आवडीच्या जाहिराती दाखवू का. बाई म्हणाल्या, मला जाहिरातीच आवडत नाहीत. मग विचारलं, तुमच्या सवयी बघून सल्ला देऊ का. त्यावर एकाहत्तर वर्षांच्या त्या बाईनं पडद्याकडं असं बघितलं, की कल्याणनं न विचारताच ‘नाही’ दाबलं. सहा सवाल, सहा नकार. बाई खूश झाल्या.

आता एवढं लपवण्यासारखं या बाईकडं होतं तरी काय? सोनं नाही, नाणं नाही. नवरा देवाघरी, मुलगा केडगावला. पण एस्तेरबाई सदतीस वर्षं या गावच्या उपकेंद्रात नर्स होत्या, आणि पन्नाशीच्या आतलं अर्धं गाव त्यांच्या हातावर जन्माला आलं होतं. त्यातल्या बहुतेकांचा वाढदिवस एक जूनला असतो. म्हणजे ते एक जूनला जन्मले असं नव्हे. शाळेत नाव घालायला आजा यायचा, गुरुजी जन्मतारीख विचारायचे, आजा म्हणायचा, “दुष्काळाच्या मागल्या साली,” आणि गुरुजी एक जून लिहून मोकळे व्हायचे. त्यामुळं एक जूनला गावात शुभेच्छांचे फ्लेक्स लावायला खांब पुरत नाहीत.

खऱ्या तारखा एकाच ठिकाणी होत्या, बाईंच्या डायऱ्यांत. आईचं नाव, तारीख, वेळ, मुलगा की मुलगी आणि शेवटी शेरा. कुणी घरी येऊन विचारलं तर बाई आत जायच्या, डायरी बघायच्या आणि त्याला त्याच्यापुरतं सांगायच्या. शेजारच्या ओळीवर बोटसुद्धा टेकू द्यायच्या नाहीत. “ज्याची ओळ त्यालाच,” हा त्यांचा नियम होता आणि तो त्यांनी सरपंचासाठीही मोडला नव्हता.

पण डायऱ्यांना वाळवी लागली. म्हणून इमॅन्युएलनं आपला जुना कॉम्प्युटर आणून दिला, आणि बाई वर्षभर दोन बोटांनी टाईप करत बसल्या. जसं होतं तसं उतरवलं. एकोणीस ऑगस्ट एकोणीसशे चौऱ्याऐंशीला आल्यावर त्यांची दोन्ही बोटं तासभर थांबली होती.

त्या दिवशी सकाळी एका घरच्या दोन जावा एकाच वेळी बाळंत झाल्या. धाकटी रंगुबाई, तिचं बाळ श्वास न घेताच आलं. त्याआधीही तिची दोन गेली होती. थोरली बनुबाई, तिला जुळे मुलगे झाले. दाराला आतून कडी होती, बाहेर सासू बसली होती. बनुबाईनं रंगुबाईच्या तोंडाकडं एकदा बघितलं आणि म्हणाली, “बाई, ह्यो पहिला तिच्या मांडीवर ठिवा.” एस्तेरबाईंनी ठेवला. मग दार उघडून सांगितलं, दोघींनाही मुलगा झाला, थोरलीचा आधी, धाकटीचा मागून. जे बाळ श्वास न घेता आलं होतं त्याला त्यांनी मिशनच्या दफनभूमीत लिंबाखाली ठेवलं, आणि दर ईस्टरला तिथं एक मेणबत्ती लागते, कुणाची ते कुणी विचारत नाही. बनुबाई, म्हणजे कानिफनाथची आई, तीन वर्षांमागं वारली. रंगुबाई आहे. “माझ्या जिवात जीव हाय तवर माझ्या अजिनाथला कळू द्यू नका,” एवढंच तिनं मागितलं होतं, आणि बाईंनी बायबलवर हात ठेवून हो म्हटलं होतं. तरी टाईप करताना खोटं लिहायला हात वळेना. त्या दोन ओळी खऱ्या होत्या तशाच उतरल्या.

तर आता समजलं ना, सहा वेळा नाही का ते.

“झालंच,” कल्याण म्हणाला. “ॲक्टिव्हेट करायला एक ई-मेल लागतो. तुमचा आहे?”

“इमॅन्युएलनं काढला होता. पासवर्ड त्यालाही आठवत नाही.”

“मग दुकानाचा टाकतो. गावात सगळ्यांना तोच टाकलाय. नाहीतर लोक पासवर्ड विसरतात आणि सकाळी सहाला मला फोन करतात.”

“म्हणजे माझं नाव कंपनीला कळायचंच नाही?”

“अजिबात नाही.”

“अरे मग हे आधी सांगायचं!” बाईंचा चेहरा उजळला. दुकानात कुणी मोबाईल नंबर मागितला की त्या इमॅन्युएलचा देत आणि इमॅन्युएल त्याच्या साहेबाचा. दुसऱ्याचं नाव पुढं केलं की आपण सुरक्षित, हे त्यांना पटलेलंच होतं. त्यांनी कल्याणपुढं चिवड्याची दुसरी बशी ठेवली. कल्याणनं ‘बाळंतपणं’ नावाची फाईल पेन ड्राईव्हवरून काढून पडद्यावर अगदी समोर ठेवली, शोधायला नको म्हणून, आणि चार वाजता तो बेलापूरला गेला.

दुसऱ्या दिवशी सकाळी प्रार्थना करून, चहा घेऊन एस्तेरबाईंनी मशीन लावलं. त्यांच्या फाईलशेजारी आणखी दहा-बारा फायली येऊन बसल्या होत्या. एक होती ‘दुधाची फॅट लिस्ट’. एक ‘पाणीपट्टी नोटीस’. एक ‘दादा बर्थडे फ्लेक्स फायनल फायनल दोन’. बाईंना वाटलं, नव्या सिस्टिमबरोबर येत असेल असलं काही. नव्या मिक्सरबरोबर नाही का पाककृतींचं पुस्तक येत. त्यांनी ती फ्लेक्सची फाईल उघडली. काळा गॉगल लावून, छातीवर हात बांधून कानिफनाथ त्यांच्याकडं बघत होता.

“कंपनीला हा कुठून सापडला?” बाई मोठ्यानं म्हणाल्या.

आणि मग त्यांच्या डोक्यात प्रकाश पडला. कानिफनाथचं माझ्याकडं आलं. म्हणजे माझं?

त्यांनी कल्याणला फोन लावला. त्यानं चौथ्यांदा उचलला.

“बाई, मी तुम्हाला करणारच होतो. त्याचं काय झालं, सगळीकडं दुकानाचं एकच खातं टाकलं ना. खात्यावरचं सगळं मशीन परस्पर वर पाठवतं आणि सगळीकडं उतरवतं. ते विचारतही नाही.”

“अरे पण मी सहा वेळा नाही म्हटलं!”

“ते कंपनीला म्हटलं. हे आपलं आपल्यातच आहे. मशीनच्या मते तुम्ही, ग्रामपंचायत, दूध केंद्र आणि कानिफशेठ एकच माणूस आहात.”

“मी आणि कानिफनाथ एकच माणूस?”

“मशीनच्या मते. मी दुपारपर्यंत येऊन सगळ्यांचं वेगळं करून देतो. पण बाई, माझ्याकडं पण आलीय ती फाईल. आई तिथं माहेरी आली होती ना माझ्या वेळी. माझ्यापुढं शेरा आहे, ‘डोकं मोठं, घाई फार.’”

“बरोबरच लिहिलंय मी!” बाईंनी फोन आपटला.

चप्पल अडकवून त्या तशाच निघाल्या. बायबलवर हात ठेवून दिलेला शब्द, एक्केचाळीस वर्षं सांभाळलेला, आणि तो गेला कशात तर चिवड्याच्या दुसऱ्या बशीत. रंगुबाईला कुणी सांगितलं असेल का? तिच्या छातीचं दुखणं काय थोडं होतं? चालता चालता त्यांनी देवाला सांगितलं की मला काय शिक्षा करायची ती कर, पण त्या म्हातारीला आज काही कळू देऊ नको.

कानिफनाथच्या दुकानापुढं ही गर्दी. त्यानं सकाळी दुकान उघडल्या उघडल्या फाईल छापून काढली होती आणि युरियाच्या पोत्यांवर कागद मांडून ठेवले होते. जो तो आपली ओळ शोधत होता आणि मग शेजाऱ्याची.

“गहिनीनाथ! गहिनीनाथचं बघा!” कुणीतरी ओरडलं. गहिनीनाथ म्हणजे गावचे युवा नेते. गेली सहा वर्षं त्यांच्या फ्लेक्सवर एकोणचाळिसावाच वाढदिवस लागत होता. कागदावर निघाले सत्तेचाळीस. शेरा: ‘पायाळू. उलटा आला.’

“तरीच म्हनलं ह्याचं वय उलटं का चाललंय!” मागून आवाज आला, आणि युवा नेते मोटरसायकल न घेताच निघून गेले.

बायडाबाई कागद छातीशी धरून नवऱ्यापुढं उभी होती. दोघंही गावातलीच, लग्नही गावातच झालेलं. “बघा. तुमच्यापरीस मी दोन वर्सांनी मोठी हाय. आजपास्नं मला अहो म्हनायचं.” नवरा गर्दीत कुणी ओळखीचं नाही असं दाखवत होता, आणि गर्दीत सगळेच ओळखीचे होते.

बाई आल्या तशी गर्दीनं वाट दिली. कुणाच्या डोळ्यांत राग नव्हता, उलट दोघातिघांनी पायाला हात लावले. पण बाईंचं तिकडं लक्षच नव्हतं. त्या एकच चेहरा बघत होत्या, कानिफनाथचा. आणि कानिफनाथ लालबुंद झाला होता. तो कागद नाचवत त्यांच्याकडं आला.

“बाई, ह्ये काय वागनं झालं?”

बाईंनी डोळे मिटले. “कानिफ, मी...”

“साऱ्या गावाची नावं हायेत! त्या गहिन्याचं हाय, ह्या बायडीचं हाय. माझंच न्हाई! माझ्या आयचं नाव न्हाई, चुलतीचं न्हाई. मी आन् अज्या काय उकिरड्यावर सापडलो व्हय?”

बाईंनी डोळे उघडले. कागद हातात घेतला. सतरा ऑगस्ट, एक मुलगी. त्याच्याखाली लगेच बावीस ऑगस्ट, एक मुलगा. मधे काहीच नाही. एकोणीस ऑगस्ट नव्हताच.

त्यांनी चष्मा पुसला आणि पुन्हा बघितलं. स्वतःच्या दोन बोटांनी टाईप केलेल्या ओळी. काल दुपारी होत्या.

“वाळवीनं खाल्लं असेल ते पान,” त्या कशाबशा म्हणाल्या.

“बरं आमचंच खाल्लं! जाऊ द्या, तारखेचं सोडा. पर येवढं सांगा सगळ्यांम्होरं, आधी कोन? मीच नव्हं?”

हा जुना वाद सगळ्या गावाला पाठ होता. दोघं एकाच दिवसाचे, पण कानिफनाथ थोडा आधीचा, आणि त्या थोड्यावर त्यानं जन्मभर थोरलेपण गाजवलं होतं. सायकल आधी त्याला मिळाली, आंब्याच्या झाडाची वरची फांदी त्याची, आणि अजिनाथनं त्याला दादा म्हणायचं.

“मी त्या दिवशी दार उघडून सांगितलं तेच,” बाई म्हणाल्या.

“बघा! म्या म्हनलं नव्हतं!” कानिफनाथचा राग तिथंच विरघळला, आणि त्यानं बाईंसाठी चहा सांगितला. बाई चहाला थांबल्या नाहीत.

त्या घरी पोचल्या तर ओट्यावर अजिनाथ बसला होता. ग्रामपंचायतीत ऑपरेटर असलेला हा अजिनाथ कामाच्या वेळी खुर्ची सोडून कुठं जात नाही, हे गावाला माहीत. त्याला बघितलं आणि बाईंना सगळं कळलं. त्या त्याच्याशेजारी ओट्यावरच बसल्या.

“काल पाच वाजता आली फाईल,” अजिनाथ म्हणाला. “मला वाटलं आरोग्य खात्याची असंल. उघडली. मानूस आधी आपलं नाव बघतो. आईचं नाव सापडलं. मग त्याच्या खालची काकीची बी वाचली.”

“अजिनाथ, माझं चुकलं रे. मी तुझ्या आईला शब्द...”

“दोनी ओळी पुसल्या आन् सेव्ह केलं, तशा साऱ्यांच्याच मशीनवरनं गेल्या. सारी फाईलच उडवायला पायजे व्हती. पर सुचलंच न्हाई. तसाच बसून ऱ्हायलो. शिपाई कुलूप लावायला आला तवा उठलो.”

बाईंच्या डोळ्यांतून पाणी यायला लागलं. आपली गावभर बदनामी झाली असती तरी चाललं असतं, पण या पोरानं असा एकट्यानं बसून ते वाचावं याचं त्यांना फार वाईट वाटत होतं. त्यांनी तसं बोलूनही दाखवलं.

“तुमी कशाला रडता?” अजिनाथ म्हणाला. “नियम तुमचाच नव्हं? ज्याची ओळ त्याला. माझी व्हती, मला मिळाली.” मग समोरच्या रस्त्याकडं बघत तो सांगायला लागला. “काकी पुरनपोळी केली की पहिली मला वाढायची. दादा चिडायचा. म्हनायचा, मी तुझा पोरगा का ह्यो? तर काकी म्हनायची, गप जेव. मला आपलं वाटायचं, मला बाप न्हाई म्हनून वाढत असंल.”

“रंगुबाईला...?”

“आईला काय सांगायचं न्हाई. तिला वाटतंय मला म्हाईत न्हाई, तसंच वाटू द्या. दादाला बी न्हाई. आता मला शब्द द्या.”

बाई आत जाऊन बायबल घेऊन आल्या आणि त्यावर हात ठेवून त्यांनी दुसऱ्यांदा हो म्हटलं. अजिनाथला हसू आलं. “बायबल ऱ्हाऊ द्या हो, मला तुमचा भरोसा हाय,” तो म्हणाला. मग जरा सरकून, इकडंतिकडं बघून, त्यानं हळूच विचारलं, “बाई, एक सांगा. काकीच्या ओळीत येळ एकच हाय, म्होरं नुसतं पहिला आन् दुसरा लिवलंय. पहिला म्हंजे किती पहिला?”

“तू नऊ वाजून दहाला. तो नऊ एकवीसला.”

“अकरा मिन्टं.”

“अकरा.”

“आन् एक्केचाळीस वर्सं मी त्याला दादा म्हनतोय.” अजिनाथनं कपाळावर हात मारला. “सायकल माझी व्हती, बाई! वरची फांदी माझी व्हती! आन् ह्ये कुनाला सांगायची सोय न्हाई!” तो हसायला लागला आणि हसता हसता त्याचा आवाज फाटला. बाईंनी त्याच्या पाठीवर हात ठेवला. एक्केचाळीस वर्षांमागं याच पाठीवर चापट मारून त्यांनी त्याला रडवलं होतं.

तेवढ्यात रस्त्यावर हॉर्न वाजला. कानिफनाथ मोटरसायकलवर होता, मागं कल्याण दोन्ही हातांनी बॅग धरून बसला होता.

“अज्या! हाफीस सोडून हितं काय बसलास? चल, ह्याला तुझं मशीन दाव. किती येळ थांबायचं थोरल्यानं?”

अजिनाथनं बाहीनं तोंड पुसलं आणि तो उठला.

“थांब की जरा, दादा,” तो म्हणाला. “मी म्होरं आन् तू मागं, ह्याची तुला पहिल्यापास्नं सवय हाय.”

“काय म्हनला ह्यो?” कानिफनाथनं बाईंना विचारलं.

“मला काय माहीत बाबा,” एस्तेरबाई म्हणाल्या, आणि पदराला डोळे पुसत घरात गेल्या.